नळीतून येणारा श्वास



"ऑक्सिजनचं मशीन लावून जगायचं म्हणजे आपला विश्वास कमी पडला असं होतं काय?" हा प्रश्न आमच्या बेळगावात मला एकापेक्षा जास्त घरांत विचारला गेला आहे. विचारणारे चेष्टेने विचारत नाहीत. घरात आजारी माणूस असतो, खाटेशेजारी मशीन घरघरत असतं, विजेचं बिल वाढलेलं असतं. अशा वेळी कुणी भक्तिमान शेजारी येऊन सांगतो, "मशीनवर कशाला अवलंबून राहता? नळी काढा, प्रार्थना करा, प्रभू बरं करील." शेजारी निघून जातो, पण त्याचे शब्द घरात राहतात आणि रात्री झोप लागू देत नाहीत.

मी डॉक्टर नाही, धर्मशिक्षिका आहे. पण पहिल्या शुक्रवारी फादर आजाऱ्यांना ख्रिस्तशरीर द्यायला घरोघर जातात तेव्हा मी बरोबर असते. त्यामुळे या नळ्या, पाण्याच्या बाटल्या आणि सिलिंडर आता माझ्या ओळखीचे झाले आहेत. म्हणून या वेळी याच विषयावर थोडं चिंतन करू या.

श्वास कोणाचा?

उत्पत्तीच्या दुसऱ्या अध्यायात देव मातीचा माणूस घडवतो. हात, पाय, डोळे सगळं तयार असतं, तरी तो माणूस पडूनच असतो. देव त्याच्या नाकात श्वास फुंकतो तेव्हा तो जिवंत होतो. जुन्या करारात वारा, श्वास आणि आत्मा या तिन्हींसाठी 'रुआह' हा एकच हिब्रू शब्द येतो. योहानाच्या शुभवर्तमानाच्या विसाव्या अध्यायात पुनरुत्थित प्रभू बंद दाराआड बसलेल्या शिष्यांवर श्वास फुंकतो आणि त्यांना पवित्र आत्मा देतो. तेव्हा श्वास देवाचाच आहे, याबद्दल वादच नाही. प्रश्न वेगळा आहे. तो श्वास आपल्यापर्यंत कोणत्या वाटेने यावा, हे आपण देवाला सांगणार आहोत काय?

राजांच्या दुसऱ्या ग्रंथात, चौथ्या अध्यायात, शूनेमच्या बाईचा मुलगा मरून पडलेला असतो. अलीशा संदेष्टा खोलीचं दार लावतो आणि आधी प्रार्थना करतो. पण प्रार्थना करून तो बाजूला बसत नाही. तो मुलावर ओणवा होतो, त्याच्या तोंडाला आपलं तोंड लावतो, त्याच्या अंगाला आपल्या अंगाची ऊब देतो. याच ग्रंथाच्या विसाव्या अध्यायात हिज्कीया राजाला देव बरं करण्याचं वचन देतो. वचन मिळाल्यावरही यशया अंजिरांचा लेप करून गळवावर लावायला सांगतो. वचनही देवाचं, लेपही देवाचाच. सिराकच्या अडतिसाव्या अध्यायात तर वैद्याचा मान राखायला शिकवलं आहे, कारण त्यालाही परमेश्वरानेच निर्माण केलं. औषधं जमिनीतून उगवतात ती त्याच्याच आज्ञेने, आणि शहाणा माणूस त्यांचा तिरस्कार करत नाही, असंही तिथे सांगितलं आहे.

मशीन काय करतं?

घरी वापरतात त्या मशीनला कॉन्सन्ट्रेटर म्हणतात. ते कसं चालतं हे समजून घेतलं आणि माझ्या मनातला विश्वासाचा प्रश्न बराचसा सुटला.

आपण घेतो त्या हवेत सुमारे २१ टक्के ऑक्सिजन आणि ७८ टक्के नायट्रोजन असतो. मशीन खोलीतली साधी हवा आत ओढतं आणि झिओलाइट नावाच्या बारीक खड्यांनी भरलेल्या नळकांड्यातून दाबाने सोडतं. ते खडे नायट्रोजन धरून ठेवतात आणि ऑक्सिजन पुढे जातो. एक नळकांडं नायट्रोजन धरत असतं तेव्हा दुसरं धरलेला नायट्रोजन सोडून मोकळं होत असतं. मशीनचा तो थांबून थांबून येणारा 'फुस्स' आवाज त्या अदलाबदलीचा. शेवटी नळीतून जी हवा येते तिच्यात साधारण ९० ते ९५ टक्के ऑक्सिजन असतो.

म्हणजे बघा, मशीन ऑक्सिजन तयार करत नाही. देवाने आपल्या खोलीत आधीच भरून ठेवलेल्या हवेतून ते तो फक्त वेगळा करून देतं. थकलेल्या फुफ्फुसांना जे निवडून घेता येत नाही, ते त्यांच्यासाठी निवडून देतं. आजारी माणसाला आपण भात मऊ करून भरवतो, तसंच हे.

आमच्या धर्मग्रामात एक काका आहेत. उद्यमबागेतल्या फाउंड्रीत चाळीस वर्षं मोल्डर होते. बेळगावला हे नवीन सांगायला नको, इथल्या कितीतरी घरांच्या चुली त्या फाउंड्रींवर पेटल्या. पण साच्याच्या वाळूतली बारीक धूळ वर्षानुवर्षं श्वासातून आत जात राहिली, की फुफ्फुसांत घट्टे धरतात. त्याला सिलिकोसिस म्हणतात. झालेली इजा औषधाने भरून येत नाही. काकांच्या काळी नाकाला रुमाल बांधायचा, एवढंच संरक्षण. आता डॉक्टरांनी त्यांना मिनिटाला दोन लिटर ऑक्सिजन, दिवसाचे पंधरा-सोळा तास, असं लिहून दिलं आहे.

काकांनाही कुणीतरी 'नळी काढा' म्हणून सांगून गेलं होतं. काकी घाबरून फादरना विचारत होत्या. काका दम घेत, एकेक शब्द तोडत म्हणाले, "फादर, चाळीस वर्षं कुपोलाला ब्लोअरनं हवा मारली. ब्लोअर बंद पडला तर लोखंड वितळत नव्हतं. म्हणून काय आगीत जोर नव्हता म्हणायचं? हवा पोचवावी लागते." फादर हसले आणि म्हणाले, "काका, उद्याचं प्रवचन तुम्हीच करा."

नळीचा उपयोग होतो, हे नुसतं डॉक्टरांचं म्हणणं नाही, ते तपासून पाहिलेलं आहे. १९८० साली अमेरिकेत आणि १९८१ साली ब्रिटनमध्ये दोन मोठे अभ्यास प्रसिद्ध झाले. रक्तातला ऑक्सिजन फार कमी झालेल्या सीओपीडीच्या रुग्णांना रोज बराच वेळ, ब्रिटनच्या अभ्यासात किमान पंधरा तास, ऑक्सिजन दिला तर ते जास्त जगतात, असं त्यांतून दिसलं. म्हणून त्रास वाटला की अर्धा तास नळी लावायची आणि बरं वाटलं की काढून ठेवायची, हे चालत नाही. सांगितलेले तास भरावे लागतात. काकांनी आपल्या रोझरीची वेळही आता नळी लावलेल्या तासांतच बसवली आहे.

मान्ना आणि माप

याची दुसरी बाजूही आहे. निर्गमच्या सोळाव्या अध्यायात देव रानात मान्ना देतो आणि माप ठरवून देतो. ज्यांनी हावेने उद्यासाठी ठेवला, त्यांच्या मान्न्यात किडे पडले. दान देवाचं असलं तरी माप पाळावं लागलं.

ऑक्सिजनचंही तसंच आहे. १९४० च्या दशकात मुदतीआधी जन्मलेल्या बाळांना पेटीत भरपूर ऑक्सिजन देत असत. हेतू प्रेमाचाच होता. पण पुष्कळ बाळांची दृष्टी गेली. १९५० च्या दशकात लक्षात आलं की जास्त ऑक्सिजन हेच त्याचं कारण होतं. आज मोजून देतात.

घरातही हाच मोह होतो. माणूस धापा टाकतो, बघवत नाही, आणि मुलगा किंवा सून मायेने नॉब दोनवरून पाचवर नेते. सीओपीडीच्या काही रुग्णांत असं केल्याने अंगात कार्बन डायऑक्साइड साठत जातो. माणूस गुंगतो, झोपाळतो, आणि आपल्याला वाटतं आता आराम पडला. म्हणून अशा रुग्णांसाठी बोटावरच्या ऑक्सिमीटरचा आकडा साधारण ८८ ते ९२ ठेवायला सांगतात, निरोगी माणसासारखा ९८ नव्हे. तुमच्या माणसाचा आकडा कोणता, हे डॉक्टरांकडून कागदावर लिहून घ्या आणि मशीनजवळ चिकटवा. नॉब आपल्या मायेने फिरवायचा नाही, त्या कागदाप्रमाणे फिरवायचा.

मेणबत्तीचा प्रश्न

आता आपल्या, म्हणजे चर्चच्या माणसांच्या, खास जिव्हाळ्याचा विषय.

इंग्लंडमध्ये जोसेफ प्रीस्टली नावाचे एक धर्मोपदेशक होते. १ ऑगस्ट १७७४ रोजी त्यांनी भिंगाने सूर्याचे किरण पाऱ्याच्या तांबड्या भस्मावर एकवटले. त्यातून जो वायू निघाला त्यात मेणबत्ती धरली, तर ज्योत भडकून जळू लागली. स्वीडनमधल्या शेले यांनाही हा वायू स्वतंत्रपणे सापडला होता, आणि पुढे लाव्हाझिए यांनी त्याला ऑक्सिजन हे नाव दिलं. म्हणजे ऑक्सिजनची पहिली ओळख मेणबत्तीनेच पटली.

ती भडकलेली ज्योत आपण विसरता कामा नये. ऑक्सिजन स्वतः जळत नाही, पण दुसऱ्याला फार जोराने जाळतो. नळीतून निसटलेला ऑक्सिजन उशी, चादर, केस, कपडे यांत मुरून राहतो. मग एक ठिणगी पुरते.

आणि आपली रीत काय आहे? आजाऱ्याला ख्रिस्तशरीर द्यायला फादर येणार म्हटलं की उशाशी लहान मेज, त्यावर पांढरं कापड, क्रूस आणि दोन्ही बाजूंना पेटलेल्या मेणबत्त्या. काकींनी तशीच तयारी केली होती. फादरनी मेणबत्त्या बाहेरच्या खोलीत, येशूच्या पवित्र हृदयाच्या तसबिरीपुढे न्यायला सांगितल्या. काकींना ते फार लागलं. "फादर, प्रभू घरात येतोय आणि त्याच्यापुढे उजेड नको? आमच्या सासूबाईंच्या वेळेपासून असंच आहे." त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. ज्या बाईने साठ वर्षं भक्तिभावाने मेणबत्ती लावली, तिला ती उचलायला सांगणं सोपं नसतं.

फादर शांतपणे म्हणाले, "काकी, प्रभू त्यांच्यासाठीच येतोय ना? मग त्यांना इजा होईल असं काही आपण प्रभूच्या नावाने नको करू या. उजेड तिकडे राहू दे, प्रभूला दिसतो." काकींनी मेणबत्त्या उचलून तसबिरीपुढे ठेवल्या. आता दर पहिल्या शुक्रवारी त्या तिथेच असतात, आणि काका खाटेवरून दारातून त्यांच्याकडे बघत ख्रिस्तशरीर घेतात.

मला वाटतं, प्रभूने शब्बाथाबद्दल परूश्यांना जे सांगितलं, तेच इथे आहे. रीत माणसाच्या जीवनासाठी असते.

दिव्यातलं तेल

२०२१ चा एप्रिल आणि मे आपल्यापैकी कुणी विसरलेलं नाही. त्या दिवसांत केंद्र सरकारने मोजके उद्योग वगळता कारखान्यांचा ऑक्सिजन थांबवून तो रुग्णालयांकडे वळवला. लोखंड कापायला जो वायू जात होता, तो माणसं वाचवायला निघाला.

१९ एप्रिलला कळंबोलीहून सात रिकामे टँकर रेल्वेच्या वाघिणींवर चढवून विशाखापट्टणमला पाठवले. घाटाच्या मार्गात उंचीची अडचण होती, म्हणून गाडी लांबच्या वाटेने, वसई, सुरत, भुसावळ, नागपूर अशी नेली. आपल्या वसईच्या बांधवांच्या दारावरून ती पहिली ऑक्सिजन एक्सप्रेस गेली. सुमारे १८५० किलोमीटर अंतर तिने जवळपास पन्नास तासांत कापलं. टँकर शंभर टनांहून अधिक द्रव ऑक्सिजन भरून परतले. तो उणे १८३ अंश सेल्सियसला द्रवरूप होतो, आणि त्याच्या एका लिटरपासून सुमारे साडेआठशे लिटर वायू मिळतो. तीन टँकर नागपूरला उतरले आणि चार २४ एप्रिलला नाशिकला पोचले. त्याच्या तीनच दिवस आधी, २१ एप्रिलला, नाशिकच्या एका रुग्णालयात टाकीतून गळती होऊन पुरवठा खाली आला आणि वीसहून अधिक रुग्ण दगावले होते. ऑक्सिजन होता, टाकी होती, डॉक्टर होते. पण गळती झाली आणि श्वास पोचला नाही.

त्याच काळात नंदुरबारचं नाव सगळीकडे ऐकू येत होतं. तिथले त्या वेळचे जिल्हाधिकारी डॉ. राजेंद्र भारूड यांनी पहिली लाट ओसरत असतानाच हवेतून ऑक्सिजन वेगळा करणारे प्रकल्प उभे करून ठेवले होते. आदिवासी भागातला तो दूरचा जिल्हा, पण दुसरी लाट आली तेव्हा तो तयार होता.

मत्तयच्या पंचविसाव्या अध्यायातल्या दहा कुमारिका मला त्या दिवसांत सारख्या आठवत. दिवे सगळ्यांकडे होते. पाच जणींनी जादा तेल घेतलं होतं, एवढाच फरक. ती गोष्ट आपण शेवटच्या न्यायाशी जोडतो, आणि ते बरोबरच आहे. पण शेजाऱ्याच्या रात्रीसाठी तेल भरून ठेवणं हाही त्या तयारीचा भाग आहे, असं मला वाटतं.

आपण काय करू शकतो?

प्रार्थना तर आहेच. ती करताना हातांनी करायची थोडी कामंही आहेत. आमच्या धर्मग्रामात आम्ही ही यादी आजाऱ्यांच्या घरी वाचून दाखवतो. तुमच्याकडेही उपयोगी पडेल.

१. मशीन विजेवर चालतं. वीज गेली तर काय, हे वीज असतानाच ठरवा. जवळ एक लहान सिलिंडर भरून ठेवा. बी-टाइप सिलिंडरमध्ये सुमारे १५०० लिटर ऑक्सिजन असतो. मिनिटाला दोन लिटर दिला तर तो ७५० मिनिटं, म्हणजे साडेबारा तास पुरतो. काटा अर्ध्यावर असेल तर सहा तास धरा. रात्री झोपण्याआधी काटा बघा.

२. रुग्णाच्या ऑक्सिजनचा सिलिंडर अंगाने काळा आणि खांद्याला पांढरा असतो. कारखान्याचा अख्खा काळा. घेताना बघून घ्या. सिलिंडर उभा ठेवून साखळीने बांधा, आडवा पडला तर धोका.

३. ओलाव्याच्या बाटलीत डिस्टिल्ड पाणी, खुणेच्या दोन रेघांच्या मध्ये. रोज बदला, बाटली धुवा. मशीनची जाळी आठवड्यातून एकदा धुऊन, पूर्ण वाळवून बसवा. मशीन भिंतीला चिकटवू नका, पडद्याआड ठेवू नका.

४. मेणबत्ती, उदबत्ती, धूप, डासांची कॉइल, गॅसची शेगडी, बिडी-सिगारेट हे सगळं किमान दहा फूट लांब. बिडी तर घरातच नको.

५. तेल किंवा ग्रीस लागलेल्या हाताने सिलिंडरच्या रेग्युलेटरला हात लावू नका. नाक कोरडं पडलं तर व्हॅसलीन नको, पाण्यावर आधारित मलम डॉक्टरांना विचारून लावा. आजाऱ्याला तैलाभ्यंग झाल्यावर फादरही हात पुसून, धुऊनच नळीला हात लावतात.

६. ऑक्सिमीटर लावताना बोट गार नसावं आणि नखाला नेलपॉलिश नसावं. आकडा स्थिर होईपर्यंत थांबा. ओठ निळे पडले, माणूस गोंधळल्यासारखा बोलू लागला किंवा नेहमीपेक्षा जास्त गुंगला, तर आकडा बघत बसू नका, दवाखान्यात न्या.

७. पाच लिटरचं मशीन साधारण साडेतीनशे वॅट वीज घेतं. रोज पंधरा तास चाललं तर महिन्याला दीडशेच्या वर युनिट होतात. पेन्शनवर जगणाऱ्या घराला हे ओझं होतं, आणि बिलाच्या भीतीने माणसं गुपचूप तास कमी करतात. व्हिन्सेंट डी पॉल मंडळाच्या सभासदांनी आणि युवकांनी भेटीला जाताना हे हळूच विचारावं. फळं नेण्यापेक्षा कधी कधी बिल भरणं ही मोठी भेट असते.

८. आजारी माणसाला नळीची लाज वाटते. आठ-आठ दिवस कुणी येत नाही, त्यामुळे अधिकच. जाऊन बसा. त्याला बोलायला लावू नका, त्याला दम लागतो. तुम्ही बोला, आणि तो ऐकू दे.

बंधुभगिनींनो, विश्वास कमी पडतो का, या प्रश्नाचं माझं उत्तर आता साधं आहे. नळी लावल्याने विश्वास कमी पडत नाही. नळी लावलेल्या माणसाकडे आपण फिरकलो नाही, तर आपला विश्वास कुठे आहे हे तपासायला हवं. 'मी आजारी होतो' असं म्हणून प्रभू शेवटी आपल्याला विचारणार आहे, आणि तो मशीनबद्दल विचारणार नाही, भेटीबद्दल विचारणार आहे.

चला, प्रार्थना करू या.

हे प्रभो, आमचा पहिला श्वास तू दिलास आणि शेवटचाही तुझ्याच हाती आहे. मधल्या प्रत्येक श्वासाची कदर करायला आम्हाला शिकव. ज्यांची फुफ्फुसं थकली आहेत, त्यांना तुझी सोबत जाणवू दे. डॉक्टर, परिचारिका, रात्री सिलिंडर पोचवणारे, टाक्यांची देखरेख करणारे, टँकर आणि गाड्या चालवणारे, या सगळ्यांवर तुझा आशीर्वाद राहो. पोट भरण्यासाठी धुळीत राबून ज्यांचा श्वास गेला, त्यांचा न्याय कर. ऑक्सिजनअभावी जे गेले, त्यांना तुझ्याजवळ शांती दे. आणि आमच्या धर्मग्रामातल्या कुणाही आजाऱ्याची रात्र एकट्याने जाऊ नये, यासाठी आमचे पाय त्याच्या दाराकडे वळव. आमेन.